निवडणूक निकालाला कोर्टात आव्हान आणि ‘भ्रष्ट आचरण’ सिद्ध करणं : बेळगाव, खानापूर, निपाणीकडून सारखे येणारे प्रश्न

निकाल लागला की आठ दिवसांत फोन सुरू होतात. कुणी म्हणतं कुकर वाटले, कुणी म्हणतं भाषेवर मतं मागितली, कुणाकडे व्हिडिओ असतो, कुणाकडे नुसता राग. मी वकील नाही, बेळगावात एका वकिलांच्या ऑफिसात कागद बघतो, त्यातून जे प्रश्न परत परत येतात ते इथं एकत्र केलेत. केस घालायची असेल तर वकील गाठाच, पण त्याच्याकडे जाताना काय घेऊन जायचं हे तरी कळेल.

१. निकालाविरुद्ध पोलिसांत तक्रार दिली, इलेक्शन कमिशनला मेल केला. आता निवड रद्द होईल ना?

नाही. आमदार-खासदाराची निवड फक्त निवडणूक याचिकेनंच रद्द होते आणि ती उच्च न्यायालयातच करावी लागते. घटनेचं कलम ३२९(बी) आणि १९५१च्या लोकप्रतिनिधित्व कायद्याचं कलम ८० हेच सांगतं. बेळगाव जिल्हा धारवाड खंडपीठाखाली येतो. पोलिसांतला गुन्हा वेगळ्या वाटेनं जातो, त्यात शिक्षा झाली तर कलम ८खाली अपात्रता येऊ शकते, पण नुसत्या तक्रारीनं किंवा एफआयआरनं खुर्ची जात नाही, आणि आचारसंहितेचा भंग झाला म्हणजे भ्रष्ट आचरण झालंच असंही नाही. आचारसंहिता आयोगाची, भ्रष्ट आचरण कायद्याचं. भरारी पथकाचा पंचनामा, एफआयआर हे सगळं जपून ठेवा, पण ते पुराव्याचं एक टोक आहे, पुरावा नव्हे.

२. मी उमेदवार नव्हतो, साधा मतदार आहे. मला करता येते का?

येते. त्या मतदारसंघातला कुठलाही उमेदवार किंवा त्या निवडणुकीत मत द्यायचा हक्क असलेला कुठलाही मतदार याचिका करू शकतो, मत दिलं असो वा नसो. पण मतदारसंघ तोच पाहिजे. खानापूरचा मतदार विधानसभेला बेळगाव ग्रामीणच्या निकालावर याचिका करू शकत नाही. आणि हो, खानापूर आणि कित्तूर विधानसभा जिल्ह्यानं बेळगावात असल्या तरी लोकसभेला उत्तर कन्नड मतदारसंघात जातात, हा घोळ दर वेळी कुणीतरी घालतंच.

३. ग्रामपंचायत किंवा महापालिकेच्या निकालाला पण धारवाडलाच जायचं काय?

नाही. ग्रामपंचायतीला कर्नाटकाचा १९९३चा पंचायतराज कायदा लागतो, याचिका त्या हद्दीतल्या दिवाणी न्यायालयात, आणि मुदत फक्त ३० दिवस. महापालिकेला १९७६चा कॉर्पोरेशन कायदा, तिथं जिल्हा न्यायाधीश. खाली जे ४५ दिवस, कलम १२३ वगैरे आहे ते आमदार-खासदारांचं. वॉर्डाच्या निकालाला ४५ दिवस धरून बसाल तर पहिल्याच दिवशी हरलात.

४. ‘भ्रष्ट आचरण’ म्हणजे नेमकं काय काय?

लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम १२३मध्ये यादी आहे आणि यादीबाहेरचं काहीही, कितीही घाण असलं तरी, भ्रष्ट आचरण होत नाही. लाच (प्र. ९, १०), धाकदपटशा म्हणजे अनुचित प्रभाव (प्र. १७), धर्म-जात-समाज-भाषेवर मत मागणं (प्र. १२), त्यावरून वैर पेटवणं, सतीचा गौरव करणं, उमेदवाराच्या खासगी चारित्र्याबद्दल खोटं पसरवणं (प्र. १६), मतदारांना फुकट गाडीनं नेणं-आणणं (प्र. १८), मर्यादेपेक्षा जास्त खर्च (प्र. १९), सरकारी नोकरांची मदत (प्र. २०) आणि बूथ ताब्यात घेणं. ईव्हीएमची शंका, मतमोजणीतली चूक, अर्ज चुकीनं बाद होणं हे पण याचिकेचे मुद्दे आहेत पण त्यांचं खातं वेगळं, इथं घेतलेले नाहीत.

५. ४५ दिवस कुठून मोजायचे? एखादा दिवस उशीर झाला तर माफी अर्ज चालतो का?

निवडणूक निर्णय अधिकाऱ्यानं निकाल जाहीर केला त्या तारखेपासून, तो दिवस सोडून. १३ मे २०२३ला विधानसभेचा निकाल लागला, शेवटचा दिवस २७ जून. ४ जून २०२४च्या लोकसभेला १९ जुलै. उशिराची माफी नाही म्हणजे नाही, आजारी होतो, गावात नव्हतो, वकिलानं सांगितलं नाही, काहीही चालत नाही, लिमिटेशन ॲक्टचं कलम ५ इथं लागू नाही हे सर्वोच्च न्यायालयानं १९७४लाच सांगून टाकलंय. शेवटचा दिवस सुट्टीचा आला तर कोर्ट उघडल्याच्या दिवशी देता येते, पण कोर्टाला सुट्टी म्हणजे रजिस्ट्री पण बंद होती का, हा वाद कशाला ओढवून घ्यायचा. चाळिसाव्या दिवसापर्यंत धारवाडची फेरी मारून या.

६. सही करून दिली, वकील जाऊन दाखल करतील. मला यायलाच पाहिजे काय?

यायलाच पाहिजे. हे लोकांना पटत नाही. २००९ला कर्नाटकातल्याच जी. व्ही. श्रीरामरेड्डी प्रकरणात याचिका वकिलांनी नेऊन दिली, याचिकाकर्ता स्वतः हजर नव्हता, तेवढ्यावर ती गेली. वकील बरोबर असू देत, पण देणारा हात तुमचा पाहिजे.

जितके प्रतिवादी तितक्या प्रती, प्रत्येक प्रतीवर ‘खरी नक्कल’ म्हणून तुमची सही, आणि २,००० रुपये सिक्युरिटी म्हणून भरायचे. कलम ८१, ८२ आणि ११७ मोडलं तर कलम ८६ सांगतं याचिका फेटाळाच, कोर्टाच्या हातात सुद्धा पर्याय राहत नाही. मी एकदा रात्री दीड वाजेपर्यंत झेरॉक्सच्या दुकानात बसून अकरा सेट लावलेत, सकाळी बघतो तर एका सेटमध्ये जोडपत्र ‘सी’चं मागचं पानच नाही. निघण्याआधी सापडलं म्हणून बरं. तेव्हापासून पानं मी मोठ्यानं मोजतो, कुणी हसलं तर हसू दे.

७. अख्ख्या गावाला माहीत हाय की! मग पुरावा कशाला?

हा सगळ्यात जास्त येणारा प्रश्न, आणि निम्म्या याचिका इथंच मरतात.

खटला दिवाणी पद्धतीनं चालतो पण आरोप फौजदारीसारखा धरतात, कारण सिद्ध झालं तर नुसती निवड जात नाही, कलम ८एखाली सहा वर्षांपर्यंत अपात्रता पण येऊ शकते. म्हणून वाजवी शंकेपलीकडे सिद्ध करावं लागतं. साध्या दिवाणी दाव्यासारखं ‘याचं जरा जास्त खरं वाटतं’ एवढ्यावर भागत नाही. लोकांनी दिलेला कौल मोडायचाय, तेव्हा दोन अर्थ निघत असतील तर फायदा निवडून आलेल्याला. आणि सिद्ध करायचं ओझं सगळं तुमच्यावर, त्यानं काही केलं नाही हे त्याला सिद्ध करावं लागत नाही.

अख्ख्या गावाला माहीत असणं म्हणजे कोर्टाच्या भाषेत ऐकीव माहिती. गावातल्या चारशे जणांना ‘माहीत’ असण्यापेक्षा ज्यानं स्वतः डोळ्यानं बघितलं, कधी, कुठं, कुणाच्या हातून हे सांगितलं आणि उलटतपासणीत टिकला असा एकच माणूस किमती. त्यात तो तुमच्याच पार्टीचा पोलिंग एजंट असेल तर कोर्ट त्याच्याकडे जरा तिरकंच बघतं, आणि बरोबरच आहे. त्या वेळी तक्रार केली नव्हती आणि निकालानंतर आठवलं, असं दिसलं तर आणखी वाईट. म्हणून प्रचाराच्या काळातली तारखेची पोचपावती असलेली एक लेखी तक्रार, भले तिचं पुढं काही झालं नसेल, फार उपयोगी पडते.

८. याचिकेत किती लिहायचं? बाकीचं नंतर साक्षीत सांगू, चालेल?

चालत नाही. कलम ८३ दोन गोष्टी मागतं. एक, महत्त्वाच्या घटना, म्हणजे आरोप उभा राहायला जेवढं लागतं ते सगळं. दोन, भ्रष्ट आचरणाचा पूर्ण तपशील, कुणी केलं त्यांची नावं, तारीख, जागा. तपशिलात थोडी कमी असेल तर कोर्ट नंतर भर घालू देतं, पण मूळ घटनाच लिहिलेली नसेल तर ४५ दिवसांनंतर ती घुसवता येत नाही, नवीन आरोप तर नाहीच.

‘विजयी उमेदवाराच्या लोकांनी मतदारसंघात ठिकठिकाणी पैसे वाटले’ हे वाक्य मी शंभरदा वाचलंय. हे फुकट. ‘अमुक तारखेला संध्याकाळी सातच्या सुमारास अमुक गल्लीत मारुती मंदिरापुढं, अमुक यानं, उमेदवार स्वतः गाडीत बसलेला असताना, अमुक-अमुक मतदारांना प्रत्येकी इतके रुपये दिले आणि मत मागितलं’, हे वाक्य चालतं.

भ्रष्ट आचरणाचा आरोप असला की फॉर्म २५मधलं वेगळं प्रतिज्ञापत्र लागतं, कुठली गोष्ट स्वतःच्या माहितीची आणि कुठली दुसऱ्याकडून कळलेली हे परिच्छेदवार सांगायचं. त्यात चूक झाली तर ती सुधारता येते असं दावणगेरेच्या सिद्धेश्वर प्रकरणात २०१३ला आणि हासनच्या प्रकरणात २०२१ला सर्वोच्च न्यायालयानं म्हटलंय. पण सुधारता येते म्हणून चूक करायची नसते.

९. कुकर, साड्या, डिनर सेट वाटले. कुकर माझ्या घरात आहे. एवढं पुरे ना?

एक गृहस्थ खरंच पिशवीतून कुकर घेऊन आले होते. झाकणावर स्टिकर लावल्याची चौकोनी खूण होती, स्टिकर मात्र बाईसाहेबांनी घासून काढलेलं, कारण ‘आमटी करताना त्याचं तोंड बघायचं नव्हतं’. आता हा कुकर सांगतो काय? कुकर आहे एवढंच.

लाच सिद्ध करायला साखळी लागते. वस्तू दिली, मतदाराला दिली, मतासाठी दिली, आणि उमेदवारानं किंवा त्याच्या इलेक्शन एजंटनं किंवा त्यांच्या संमतीनं दुसऱ्यानं दिली (संमतीचं प्र. १३मध्ये). कुकरची पावती कुठल्या दुकानाची, माल कुणाच्या नावानं उचलला, कुठल्या टेंपोनं आला, बचत गटाच्या कुठल्या मीटिंगमध्ये वाटला, रजिस्टरवर कुणाच्या सह्या. एक कडी तुटली की संपलं. टोकन वाटलं असेल तर टोकन जपा, ते कुठल्या दुकानात वटत होतं तो दुकानदार साक्षीला लागणार.

होतच नाही असं नाही. तुमकूर ग्रामीणची २०१८ची निवड कर्नाटक उच्च न्यायालयानं ३० मार्च २०२३ला रद्द केली, आरोप होता मतदारांच्या मुलांच्या नावानं खोटे विमा बाँड वाटल्याचा. तिथं कागद होता, बघा. प्रत्येक बाँड म्हणजे नाव असलेला कागद. रोख पाचशेच्या नोटेवर कुणाचंच नाव नसतं.

१०. मी स्वतः पैसे घेतलेत. साक्ष दिली तर मीच आत जाईन काय?

घेणं पण कलम १२३(१)मध्ये येतंच, त्यामुळं भीती खोटी नाही. पण कलम ९५ आहे. साक्षीदाराला ‘मी अडकेन’ म्हणून उत्तर टाळता येत नाही, आणि सगळ्या प्रश्नांना खरी उत्तरं दिली तर त्याला कोर्टाकडून संरक्षणाचा दाखला मागता येतो, ते उत्तर त्याच्याविरुद्ध वापरता येत नाही, खोटी साक्ष दिली तर मात्र वापरतात. हे साक्षीदाराला आधीच समजावून सांगा, नाहीतर आयत्या वेळी ‘मला काय बी आठवत नाही साहेब’ सुरू होतं. आणि एक, घेणारा म्हणजे गुन्ह्यातला साथीदार, त्याच्या एकट्याच्या शब्दावर कोर्ट सहसा जात नाही, दुसरा आधार लागतो.

११. वाटप निवडणुकीच्या सहा महिने आधी, हळदीकुंकवाच्या कार्यक्रमात झालं. ते धरतात का?

नाही, आणि पुढाऱ्यांना हे आपल्यापेक्षा चांगलं माहीत असतं. १९७५च्या दुरुस्तीनंतर अर्ज भरल्याशिवाय माणूस ‘उमेदवार’ होत नाही आणि उमेदवार होण्याआधीचं कृत्य भ्रष्ट आचरणात धरत नाहीत. संक्रांतीला वाण म्हणून साडी, आखाड्याला गदा, देवळाला देणगी, सगळं आधीच उरकलेलं असतं. पण आधी टोकन दिलं आणि अर्ज भरल्यानंतर ते वटवलं, तर वटवल्याचा दिवस धरून मांडता येतं, तेव्हा तारखांकडे नीट बघा.

१२. ‘मराठी माणसानं मराठी माणसालाच मत द्यावं’ असं भाषण झालं तर? आणि समोरून कन्नडवर मत मागितलं तर?

आमच्याकडचा खरा प्रश्न हाच, आणि याला सरळ हो किंवा नाही असं उत्तर नाही.

कलम १२३(३)मध्ये धर्म, वंश, जात, समाज यांच्या रांगेत ‘भाषा’ हा शब्द आहे. १९६१पर्यंत असं आवाहन पद्धतशीरपणे चालवलेलं असावं लागायचं, तो शब्द काढून टाकला, त्यामुळं आता एक भाषण सुद्धा पुरतं. आणि २ जानेवारी २०१७ला अभिराम सिंग प्रकरणात सात न्यायाधीशांनी चार विरुद्ध तीन मतांनी सांगितलं की नुसती उमेदवाराची भाषा नव्हे, मतदाराची भाषा काढून मत मागितलं तरी ते यात येतं. म्हणजे ‘मी मराठी आहे म्हणून मला द्या’ हे पण आणि ‘तुम्ही मराठी आहात म्हणून मला द्या’ हे पण. कन्नडचं तसंच, कोकणीचं तसंच, कायद्याला कुठली भाषा लाडकी नाही.

पण दुसरी बाजू आहे. १९६२च्या लोकसभेला आता हरियाणात असलेल्या झज्जरमध्ये जगदेव सिंग सिद्धांती निवडून आले, हिंदीच्या आंदोलनावरून त्यांच्यावर हाच आरोप झाला, उच्च न्यायालयानं निवड रद्द केली आणि सर्वोच्च न्यायालयानं ती परत दिली. म्हणणं असं, की घटनेचं कलम २९(१) भाषा जपायचा हक्क देतं, त्यात भाषेच्या रक्षणासाठी चळवळ करायचा हक्क आला, तेव्हा ‘मी या भाषेसाठी झगडेन’ असं मतदारांना सांगणं म्हणजे भ्रष्ट आचरण नव्हे.

मग सीमाभागात रेघ कुठं? ‘मराठी शाळा बंद पडू देणार नाही’, ‘कागदपत्रं मराठीतून मिळाली पाहिजेत’, ‘सर्वोच्च न्यायालयातल्या २००४च्या दाव्याचा पाठपुरावा करेन’ हे मागणीचं राजकारण आहे, सिद्धांतीच्या छत्रीखाली उभं राहतं. ‘अमक्याची आई कुठली भाषा बोलते बघा आणि मग बटण दाबा’ हे रेघेपलीकडचं. मधलं बरंच काही संदर्भावर जातं, म्हणून अर्धी क्लिप नेऊ नका, पूर्ण भाषण न्या. विरुद्ध वकील पहिला प्रश्न हाच विचारतो की या वाक्याच्या आधी ते काय बोलले.

यातच भाषांतराची ठेच लागते. सभा मराठीत किंवा कन्नडात, उच्च न्यायालयाचं कामकाज इंग्रजीत. ‘आपला माणूस’ याचं इंग्रजी तुम्ही काय करणार? आपला म्हणजे आपल्या गावचा, आपल्या पार्टीचा, आपल्या भाषेचा? केस कधी कधी त्या एका शब्दावर उभी असते. मूळ शब्द देवनागरीत किंवा कन्नड लिपीत जसेच्या तसे द्या, बाजूला भाषांतर द्या, आणि भाषांतर करणारा उलटतपासणीला उभा राहील असाच निवडा.

१३. भाषण उमेदवारानं केलंच नाही, महाराष्ट्रातून आलेल्या नेत्यानं केलं. किंवा कार्यकर्त्यानं वाटप केलं. उमेदवार सुटतो काय?

संमती सिद्ध झाली तर सुटत नाही. उमेदवार, त्याचा नेमलेला इलेक्शन एजंट, किंवा या दोघांपैकी कुणाच्या संमतीनं दुसऱ्यानं केलं, तर कलम १००(१)(बी)खाली निवड रद्द, मग लीड एक मताचं असो नाहीतर पन्नास हजारांचं. संमतीशिवाय एखाद्या साध्या एजंटनं त्याच्या फायद्यासाठी केलं असेल तर निकालावर ठळक परिणाम झाला हे पण दाखवावं लागतं, आणि ते जवळजवळ अशक्य.

संमती कागदावर कुणी देत नाही, परिस्थितीवरून काढतात. पार्ल्याच्या १९८७च्या पोटनिवडणुकीत डॉ. रमेश प्रभू स्टेजवर होते आणि भाषणं बाळासाहेब ठाकऱ्यांची. स्टेजवर बसून गप्प राहिला यातून संमती निघाली, १९९५ला सर्वोच्च न्यायालयानं निवड रद्दच ठेवली. ठाकऱ्यांना कलम ९९ची (उमेदवार नसलेल्याचं नाव भ्रष्ट आचरणात घेण्याआधी द्यायची) नोटीस होती, पुढं त्यांचा मतदानाचा हक्क सहा वर्षं गेला.

उलट उदाहरण पण आपल्याच मुलखातलं. १९६७ला दक्षिण मुंबईत जॉर्ज फर्नांडिसांनी स. का. पाटलांना पाडलं, आचार्य अत्र्यांच्या ‘मराठा’तलं लिखाण कोर्टात गेलं, पण लेखणी अत्र्यांची, तिला उमेदवाराची संमती होती हे टिकलं नाही आणि निकालावरचा परिणाम पण दाखवता आला नाही. निवड राहिली.

१४. व्हॉट्सॲपवर व्हिडिओ आलाय, पेनड्राइव्हमध्ये टाकून देतो. चालेल?

तसाच नाही चालत. २०१४च्या अन्वर विरुद्ध बशीर निकालात नेमकं हेच झालं, निवडणूक याचिकेत सीडी दिल्या, जुन्या पुरावा कायद्याच्या कलम ६५बीचा (इलेक्ट्रॉनिक पुराव्याचा) दाखला दिला नाही, सीडी बाहेर आणि केस पण बाहेर. २०२०ला जालन्याच्या अर्जुन खोतकर प्रकरणात तीन न्यायाधीशांनी तेच पक्कं केलं. १ जुलै २०२४पासून त्याच्या जागी नव्या भारतीय साक्ष्य अधिनियमाचं कलम ६३ आलंय, दाखल्याला दोन भाग, एक ज्याच्या हातात उपकरण आहे त्याचा आणि एक तज्ज्ञाचा, त्यात फाइलची हॅश व्हॅल्यू (फाइल बदललेली नाही हे दाखवणारा आकडा) पण लागते.

ज्यानं शूट केलं तो माणूस शोधा, फॉरवर्ड करणारा नको. त्याचा मूळ फोनच कोर्टात दिला आणि त्यानं स्वतः साक्ष दिली तर दाखल्याची गरज पडत नाही, पण फोन सोडायला कोण तयार होतो. निदान ट्रिम, फिल्टर, वर नाव टाकणं असले उद्योग करू नका आणि फॉरमॅट तर अजिबात मारू नका. आवाज कुणाचा हे ओळखणारा माणूस पण लागतो.

सरकारी चित्रीकरण हवं असेल तर पळा. ३० मे २०२५च्या पत्रानं आयोगानं सांगितलंय की याचिका झाली नाही तर निकालानंतर ४५ दिवसांनी सीसीटीव्ही, वेबकास्टिंग, व्हिडिओ नष्ट करायचे. म्हणून लेखी मागणी लगेच करा, आणि याचिकेबरोबर फूटेज जपून ठेवायचा अर्ज जोडा.

१५. पेपरमध्ये फोटोसकट छापून आलंय. कात्रण लावलं तर?

लावा, पण त्यावर झोपू नका. बातमी म्हणजे ऐकीवच. कलबुर्गीच्या कमरुल इस्लाम विरुद्ध एस. के. कांता प्रकरणात, १९९४, उच्च न्यायालयात रद्द झालेली निवड सर्वोच्च न्यायालयात परत मिळाली आणि सांगितलं गेलं की नुसत्या बातमीनं मजकूर सिद्ध होत नाही, ज्यानं ऐकून लिहिलं त्याला आणा. बेळगावच्या वार्ताहराला साक्षीला या म्हणून बघा एकदा, चहा पाजेल, येणार नाही. समन्स काढावं लागतं.

१६. निनावी पत्रक निघालं, आमच्या उमेदवाराचं बाहेर लफडं आहे म्हणून. त्याचं काय?

कलम १२३(४). चार गोष्टी पाहिजेत, विधान खोटं, खासगी चारित्र्याबद्दलचं, करणाऱ्याला खोटं माहीत होतं किंवा खरं वाटत नव्हतं, आणि मतांवर वाईट परिणाम होईल असं. ‘यानं पाच वर्षांत काही केलं नाही, हा निष्क्रिय’ ही राजकीय टीका, यात येत नाही. छापणाऱ्याचं नाव पत्रकावर नसणं हा १२७एखाली वेगळा गुन्हा आहे, पण तेवढ्यानं निवड जात नाही. प्रेस शोधा, कागद, प्लेट, ऑर्डर कुणाची. ते नाही मिळालं तर सोडून द्या.

१७. भंडाऱ्यावर हात ठेवून शपथ घ्यायला लावली. आणि ‘मत नाही दिलंस तर ऊस तोडायला टोळी येणार नाही’ म्हणाले. हे कशात?

दोन्ही १२३(२), अनुचित प्रभाव. देवाचा कोप होईल असं मतदाराच्या मनात भरवणं हे कलमातच लिहिलंय, वाळीत टाकायची धमकी पण. नामधारी पंथाच्या गुरूचा मतासाठी हुकूम निघाला म्हणून १९५९ला एक निवड गेलेली आहे. पण नुसतं ‘आई यल्लम्माची शपथ, मी तुमचं काम करेन’ असं उमेदवारच म्हणाला तर ती त्याची शपथ, कोप त्याच्यावर. मतदाराला शपथ घालून ‘मोडलीस तर बघ’ म्हटलं तर ती वेगळी.

उसाचं खरं अवघड आहे, कारण टोळी येत नाही याला शंभर कारणं असतात आणि ती कारखान्याच्या रजिस्टरमध्ये सापडतात. धमकी कुणी, कुठल्या शब्दांत, कुणासमोर दिली यावर केस उभी करा, ऊस वाळला यावर नको.

१८. पुण्या-मुंबईहून मतदारांना फुकट बसनं आणलं. हे पक्कं ना?

१२३(५)ला बस भाड्यानं किंवा दुसऱ्या मार्गानं मिळवली, मतदारांना फुकट नेलं, आणि मतदान केंद्राकडे नेलं, तिन्ही लागतं. पुण्याहून बस येऊन बसस्टँडवर सोडून गेली आणि लोक चालत केंद्रावर गेले तर विरुद्ध बाजू त्यावरच भांडणार. बसचा नंबर, परमिट, पैसे कुणी दिले हे काढा. गंमत म्हणजे मतदारांनी आपापसांत वर्गणी काढून भाड्यानं गाडी केली तर सूट आहे, पण गाडी यंत्रावर चालणारी नसेल तरच. म्हणजे बैलगाडी.

१९. चाळीस लाखाची मर्यादा, यानं चार कोटी उडवले. हिशेबात बारा लाख दाखवले. सरळ केस आहे की!

दिसते सरळ. मर्यादा विधानसभेला ४० लाख, लोकसभेला ९५ लाख. भ्रष्ट आचरण म्हणजे मर्यादा ओलांडणं. खोटा हिशेब देणं हे स्वतः भ्रष्ट आचरण नाही, कर्नाटकातल्याच शिवरामेगौडा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं ते स्पष्ट केलंय. म्हणजे लपवलेला प्रत्येक खर्च सिद्ध करत करत तुम्हाला ४० लाखाच्या वर जायचंय. आणि पार्टीच्या स्टार प्रचारकांचा प्रवासखर्च उमेदवाराच्या नावावर धरत नाहीत, हेलिकॉप्टर बघून हुरळू नका.

एक स्वस्त काम मात्र सगळ्यांनी करावं. उमेदवारानं ३० दिवसांत दिलेला हिशेब जिल्हा निवडणूक अधिकाऱ्याकडे एक रुपया फी भरून कुणालाही बघता येतो, नक्कल मिळते. खर्च निरीक्षकांच्या पथकाचं शॅडो रजिस्टर, म्हणजे पथकानं स्वतः नोंदवलेल्या खर्चाची वही, असतं त्याच्याशी ताडून बघा. मंडप, जेवणावळी, गाड्या यांत तफावत सापडते.

२०. तलाठी आणि कारखान्याचे कर्मचारी प्रचारात फिरत होते. दोघंही धरता येतील?

तलाठी येऊ शकतो, कारखान्याचा सहसा नाही. १२३(७) सरकारी नोकरांच्या ठरावीक वर्गांना लागतं, सहकारी कारखाना किंवा पतसंस्थेचा माणूस सरकारी नोकर नव्हे. कलमात गंमत अशी की पाटील, देशमुख असे गावकामगार महसूल अधिकारी वगळलेत, पण ते वसुलीत वाटा किंवा कमिशन खाणारे, पगारी नव्हे. याच कलमावर १२ जून १९७५ला अलाहाबाद उच्च न्यायालयानं इंदिरा गांधींची निवड रद्द केली होती. उमेदवारानं किंवा त्याच्या एजंटनं मदत घेतली हे लागतं, तलाठी आपल्या हौसेनं फिरला तर त्याची नोकरी जाईल, आमदारकी नाही.

२१. फुकट बस, महिन्याला दोन हजार, ही गॅरंटी कार्डं म्हणजे लाच नव्हे काय?

कोर्ट म्हणतं नाही. २०१३च्या सुब्रमण्यम बालाजी निकालात जाहीरनाम्यातली आश्वासनं भ्रष्ट आचरण ठरली नाहीत, आणि बेंगळूरच्या चामराजपेठच्या २०२३च्या निवडीवरची अशीच याचिका मे २०२४ला सर्वोच्च न्यायालयानं फेटाळली. मला व्यक्तिशः हे पूर्ण पटलेलं नाही, पण माझ्या पटण्यावर याचिका चालत नाही.

२२. केस जिंकलो तर मी आमदार होतो काय?

मागणी केली असेल आणि त्याची भ्रष्ट मतं वजा करून बहुमत तुमचं ठरत असेल तर, कलम १०१. नुसती त्याची निवड रद्द मागितली तर जागा रिकामी होते. जागा स्वतःला मागितली की दोन ओझी वाढतात. सगळ्या लढलेल्या उमेदवारांना प्रतिवादी करावं लागतं, एक सुटला की याचिका बाद. आणि विजयी उमेदवार कलम ९७खाली उलट तुमचंच भ्रष्ट आचरण काढू शकतो. १९९६ला बेळगाव लोकसभेला ४५६ उमेदवार उभे होते, तेव्हा कुणी अशी मागणी करायची म्हटली असती तर प्रतींचा टेंपो लागला असता.

भ्रष्ट आचरणाचा आरोप हरलेल्या उमेदवारावर केला असेल तर तो पण प्रतिवादी पाहिजे, जागा मागा वा न मागा. हे विसरतात लोक.

२३. किती दिवस लागतात? तोवर त्याची टर्म संपली तर?

कायदा म्हणतो सहा महिन्यांत संपवायचा प्रयत्न करा. तुमकूर ग्रामीणचा निकाल, वर सांगितला तो, पुढच्या निवडणुकीला दीड महिना असताना आला. टर्म संपली किंवा सभागृह बरखास्त झालं तरी भ्रष्ट आचरणाचा आरोप असेल तर केस मरत नाही, कारण अपात्रतेचा प्रश्न उरतो. निकालाविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात ३० दिवसांत अपील.

२४. समोरच्यानं बोलावलंय, मिटवून टाकू म्हणतोय. मागं घेता येते ना?

कोर्टाच्या परवानगीशिवाय नाही, आणि सौद्यानं मागं घेतोय असं कोर्टाला वाटलं तर परवानगी मिळत नाही. परवानगी मिळाली तरी राजपत्रात जाहीर होतं, आणि १४ दिवसांत त्या मतदारसंघातला दुसरा कुणीही तुमच्या जागी उभा राहून केस पुढं नेऊ शकतो. याचिकाकर्ता वारला तरी तशीच सोय आहे. तेव्हा पाकीट घेण्याआधी हा नियम त्यालाच वाचून दाखवा.